फ्लॉवरहॉर्न १० वर्षं जगवायचा असेल तर...

‘काल पाणी बदललं आणि आज सकाळी मासा मेलेला.’ ‘आठवडा झाला, काही खात नाही.’ ‘डोकं वाढावं म्हणून कोणतं खाद्य देऊ?’ पिंपरी-चिंचवड आणि चाकण परिसरात फ्लॉवरहॉर्न पाळणाऱ्यांच्या तोंडी हे तीन प्रश्न सतत असतात. त्यांत पहिला सर्वांत महत्त्वाचा आहे. त्याचं उत्तर नीट कळलं, तर उरलेल्या दोन प्रश्नांची वेळ फारशी येत नाही.

फ्लॉवरहॉर्न हा निसर्गात मुळात नसलेला मासा. मध्य अमेरिकेतल्या सिक्लिड जातींच्या संकरातून १९९०च्या दशकात मलेशियात तो तयार झाला. डोक्यावरच्या टेंगळामुळे आणि अंगावरच्या अक्षरांसारख्या खुणांमुळे तो ‘नशीबवान’ ठरला आणि वास्तूच्या निमित्ताने आपल्याकडच्या दिवाणखान्यांत, कारखान्यांच्या ऑफिसांत येऊन पोहोचला. मूळचा तो काटक आहे. नीट ठेवला तर ८ ते १० वर्षं सहज जगतो. तरीही पुष्कळ घरांत तो दोन-तीन वर्षांपलीकडे जात नाही. आपल्या पट्ट्यात पाणी सतत बदलत राहतं आणि ते समजून न घेता आपण टाकी चालवतो, हे त्यामागचं मोठं कारण.

आणण्याआधी ठरवायच्या गोष्टी

दुकानातलं अडीच-तीन इंचाचं पिल्लू दीड-दोन वर्षांत १० ते १२ इंचांचं होतं. म्हणून टाकी पिल्लाच्या मापाची नको, मोठ्या माशाच्या मापाची घ्या.

- माप: ३ फूट × दीड फूट × दीड फूट (सुमारे १९० लिटर) हे कमीत कमी. ४ फूट लांबीची, सुमारे २५० लिटरची टाकी घेतलीत, तर पुढची अनेक दुखणी टळतील.
- वजन: २५० लिटर पाणी म्हणजे २५० किलो, काच आणि स्टँड वेगळं. टाकी बाल्कनीत किंवा खोलीच्या मधोमध नको, भिंतीला लागून, बीमच्या रेषेत ठेवा. टाकीखाली थर्माकोलची शीट हवीच.
- एकच मासा: फ्लॉवरहॉर्न एकटाच राहतो. ‘सोबतीला काहीतरी टाका’ असं दुकानदार म्हणाला तरी टाकू नका. सोबती मरतो किंवा दोघंही जखमी होतात.
- झाकण: तो उड्या मारतो. टाकी उघडी ठेवू नका.
- फिल्टर: तासाला टाकीतलं पाणी चार-पाच वेळा फिरवेल असा. २५० लिटरच्या टाकीला १,००० ते १,२५० लिटर प्रतितास क्षमतेचा. फिल्टर बाहेरचा असो वा वरचा, आत स्पंज आणि सिरॅमिक रिंगांना भरपूर जागा हवी.
- तळ: खडी घातलीत तर तो ती उकरतो आणि घाण खाली साचते. तळ मोकळा ठेवा. साफ करणं सोपं जातं.

टाकी कारखान्यात किंवा वर्कशॉपमध्ये ठेवायची असेल, तर जागा आणखी विचार करून निवडा. एअर पंप खोलीतली हवा खेचून थेट पाण्यात सोडतो. वेल्डिंगचा धूर, मशिनवरच्या कूलंटची वाफ, पेंटचा वास हे सगळं त्याच वाटेने पाण्यात उतरतं. टाकी केबिनमध्ये ठेवा, शॉप फ्लोअरवर नको.

मासा निवडताना

टाकी भरून, फिल्टर चालू करून निदान चार ते सहा आठवडे थांबा. माशाच्या मलमूत्रातून अमोनिया तयार होतो. फिल्टरमधले जिवाणू त्याचं आधी नायट्राइट आणि मग तुलनेने कमी घातक नायट्रेट करतात. या जिवाणूंची वसाहत बसायला एवढा वेळ लागतो, पण रिकाम्या पाण्यात ती वाढत नाही. रोज चिमूटभर खाद्य टाकून ते कुजू द्या, म्हणजे जिवाणूंना अमोनिया मिळतो. कुणाच्या निरोगी, जुन्या टाकीतल्या फिल्टरचा ओला स्पंज मिळाला तर काम लवकर होतं.

दुकानात हे पाहा:

- मासा तुमच्यासमोर खाद्य खातो का? काचेवर बोट फिरवलं तर मागे येतो का?
- डोळे स्वच्छ आहेत का? डोक्यावर टाचणीने टोचल्यासारखे खड्डे नाहीत ना?
- विष्ठा पांढरी, दोऱ्यासारखी लोंबती नाही ना?
- दोन इंचांच्या पिल्लावर भडक लाल रंग असेल तर जपून. रंग लवकर यावा म्हणून पिल्लांना हार्मोन देतात. पुढे तो रंग टिकत नाही.
- दुकानात कोणतं पाणी वापरतात, त्याचा टीडीएस (विरघळलेल्या क्षारांचं प्रमाण) किती, हे विचारा. पुढच्या भागात ते का लागेल हे कळेल.

घरी आणल्यावर पिशवी १५-२० मिनिटं टाकीत तरंगत ठेवा. मग अर्ध्या-पाऊण तासात थोडं थोडं टाकीतलं पाणी पिशवीत घाला आणि फक्त मासा टाकीत सोडा. पिशवीतलं पाणी फेकून द्या.

पाणी: इथेच सगळं ठरतं

पिंपरी-चिंचवडला मुख्यतः पवना धरणाचं पाणी मिळतं. महापालिकेने नोव्हेंबर २०१९पासून दिवसाआड पुरवठा सुरू केला. वाकड, मोशी, चऱ्होली, चिखलीकडच्या अनेक सोसायट्यांत टँकर येतात, बोअरही चालतात, आणि सगळं एकाच टाकीत मिसळतं. चाकणकडे बोअर आणि टँकरवरची भिस्त आणखी जास्त. धरणाचं पाणी मऊ, तर आपल्या बेसॉल्टी जमिनीतल्या बोअरचं पाणी बहुधा जड आणि अल्कधर्मी. म्हणजे तुमच्या नळाला आज येणारं पाणी आणि परवा येणारं पाणी माशाच्या दृष्टीने दोन वेगळी पाणी असू शकतात.

आता पहिल्या प्रश्नाकडे: पाणी बदललं आणि मासा गेला, असं का होतं?

पाण्यातला अमोनिया दोन रूपांत असतो, एक जवळपास निरुपद्रवी आणि दुसरं विषारी. कोणतं किती, हे पीएच आणि तापमानावर ठरतं. २८ अंशांना पीएच ७ असेल तर विषारी भाग एक टक्क्याच्याही खाली असतो. पीएच ८ झाला की तो सहा-सात टक्क्यांवर जातो, म्हणजे जवळपास दहापट. महिना-दोन महिने पाणी न बदललेल्या टाकीत पीएच हळूहळू उतरतो, जिवाणू मंदावतात आणि अमोनिया साचतो. पण तो निरुपद्रवी रूपात असल्याने मासा तग धरून असतो. मग एक दिवस तुम्ही साफसफाई काढता आणि अर्धी टाकी बोअरच्या पाण्याने भरता. पीएच एकदम चढतो, साचलेला अमोनिया काही वेळातच विषारी होतो आणि मासा वरवर येऊन धापा टाकू लागतो. नव्या पाण्यात क्लोरीन असेल तर कल्ले भाजतात, ते वेगळंच. यात पाणी बदलल्याचा दोष नाही. दोष आहे ते उशिरा आणि एकदम बदलल्याचा.

त्यामुळे नियम असे:

1. दर आठवड्याला ३० ते ४० टक्के पाणी बदला. २५० लिटरच्या टाकीला ७५ ते १०० लिटर. महिन्यातून एकदा सगळं पाणी काढून टाकी घासायची पद्धत सोडून द्या.
2. दिवसाआड पुरवठ्याचा फायदा घ्या. पाणी येण्याच्या दिवशी १०० लिटरचा ड्रम भरा, त्यात एअर स्टोन सोडा आणि दुसऱ्या दिवशी ते पाणी टाकीत घाला. तोवर बराचसा क्लोरीन उडून जातो आणि तापमानही खोलीइतकं होतं.
3. तरीही अँटी-क्लोरीन वापरा. दुकानात ‘हायपो’ म्हणून सोडियम थायोसल्फेटचे खडे किंवा द्रावण मिळतं. बाटलीवर दिलेल्या प्रमाणात, पाणी टाकीत घालण्याआधी ड्रममध्ये मिसळा.
4. टीडीएस मीटर घ्या. आरओवाल्याकडे असतो तोच. टाकीतलं आणि ड्रममधलं पाणी मोजा. फरक १००-१५०पर्यंत असेल तर नेहमीप्रमाणे बदला. जास्त असेल तर एका वेळी १०-१५ टक्केच, दोन-तीन दिवसांच्या अंतराने.
5. अमोनिया, नायट्राइट, नायट्रेट आणि पीएचचं थेंबांचं टेस्ट किट ठेवा. पहिले दोन शून्य हवेत, नायट्रेट ४० मिलिग्रॅम प्रतिलिटरच्या खाली. पीएच ७ ते ८ चालतो. तो स्थिर राहणं जास्त महत्त्वाचं.
6. पाणी बदलायला आधीच फार उशीर झाला असेल, तर रोज १० टक्के बदलत आठवडाभरात ताळ्यावर या आणि तेवढे दिवस खाद्य बंद ठेवा.

काही दिवशी नळाचं पाणी घेऊच नका. सोसायटीची टाकी धुऊन झाल्यावर दोन दिवस, आणि ग्रामपंचायतीच्या पाण्याला टीसीएल (ब्लीचिंग) पावडरचा उग्र वास येत असेल त्या दिवशी. पावसाळ्यात गढूळपणा वाढला की शुद्धीकरणातली क्लोरीनची मात्राही वाढते. तेव्हा वास घेऊन पाहण्याची सवय ठेवा.

ड्रमबद्दल एक सूचना. भंगारातून स्वस्तात मिळणारे निळे ड्रम माशाच्या पाण्यासाठी वापरू नका. एमआयडीसीतून बाहेर पडणाऱ्या त्या ड्रममध्ये आधी काय होतं, हे विकणाऱ्यालाही ठाऊक नसतं. ते कितीही धुतले तरी प्लॅस्टिकमध्ये मुरलेलं रसायन सुटत राहतं. पाणी साठवण्याचा नवा ड्रम घ्या.

आरओचं शुद्ध पाणी एकटं घालू नका. त्यात खनिजं उरलेली नसतात. आरओतून बाहेर पडणारं वाया जाणारं पाणी मात्र नळाला धरणाचं पाणी येत असेल तर चालू शकतं. टीडीएस मोजा आणि मगच ठरवा.

फिल्टरचा स्पंज नळाखाली धुऊ नका, क्लोरीनने जिवाणू मरतात. टाकीतून काढलेल्या पाण्यातच पिळून घ्या. स्पंज आणि रिंगा एकाच दिवशी दोन्ही साफ करू नका.

खाद्य आणि ते डोकं

टेंगूळ मुख्यतः आनुवंशिक असतं. नरात मोठं, मादीत बहुधा लहान किंवा नाहीच. चांगलं पाणी, मोठी टाकी आणि सकस खाद्य यांनी जे मुळात आहे ते खुलतं. जे नाही ते कोणत्याही डबीतून येत नाही. ‘१५ दिवसांत डोकं’ सांगणारं खाद्य घेऊ नका.

- पिल्लांना दिवसातून तीन वेळा, मोठ्या माशाला दोन वेळा चांगल्या पेलेट्स. दोन मिनिटांत संपतील एवढ्याच.
- आठवड्यातून एक दिवस उपास.
- कधीमधी सोललेली, गोठवून मग निवळवलेली कोळंबी चालते.
- गटाराकाठून पकडलेले जिवंत ट्युबिफेक्स किडे आणि दुकानातले छोटे गोल्डफिश खायला देऊ नका. दोन्हींतून रोग येतात, आणि गोल्डफिशमधल्या थायामिनेजमुळे माशात ब-१ जीवनसत्त्वाची कमतरता होते.
- चिडून फुलावा म्हणून आरसा दाखवत असाल तर दिवसातून पाच-दहा मिनिटंच. दिवसभर आरसा म्हणजे दिवसभर ताण.

मासा एकटा असूनही अंडी घालतोय, असं दिसलं तर घाबरू नका. ती मादी आहे आणि नराशिवायही अंडी घालते. ती फलित नसतात. दोन-तीन दिवसांनी काढून टाका.

वीज, थंडी, उन्हाळा आणि फवारणी

आपल्याकडे महावितरणची देखभालीची कामं बहुधा गुरुवारी निघतात. वीज गेली की आधी ऑक्सिजन कमी होतो.

- बॅटरीवर किंवा पॉवर बँकेवर चालणारा छोटा एअर पंप घरात ठेवा.
- वीज जाणार हे माहीत असेल तर त्या सकाळी खाद्य देऊ नका.
- बंद डब्याचा फिल्टर बरेच तास थांबला असेल तर आतलं पाणी सडतं. वीज आल्यावर ते ओतून, फिल्टर टाकीच्या पाण्याने खळबळून मगच सुरू करा.

पाण्याचं तापमान २७ ते ३० अंश हवं. डिसेंबर-जानेवारीत इथे रात्रीचा पारा १० अंशांपर्यंत उतरतो, तेव्हा हीटर लागतोच. लिटरला साधारण एक वॉट हा अंदाज पुरेसा आहे. हीटरवर जाळीचं आवरण घाला, हा मासा धडक देऊन काच फोडतो. पाणी काढण्यापूर्वी हीटर बंद करून १५ मिनिटं थांबा. सॉकेटला अर्थिंग आणि आरसीसीबी आहे ना, हे वायरमनकडून तपासून घ्या. वायर सॉकेटच्या खाली झोळ देऊन मग वर न्या, म्हणजे ओघळणारं पाणी सॉकेटमध्ये जात नाही.

उन्हाळ्यात पाणी ३२ अंशांपुढे गेलं तर एअर स्टोन वाढवा, झाकणाची फट मोठी करून वर पंखा सोडा. बर्फ थेट टाकू नका.

डासांची कॉइल, लिक्विड रिफिल आणि पेस्ट कंट्रोलच्या औषधांत पायरेथ्रॉइड गटाची रसायनं असतात. ती माशांना अतिशय घातक आहेत. टाकीच्या खोलीत ती लावूच नका. सोसायटीत धूर फवारणी होणार असेल तर खिडक्या लावा, एअर पंप तेवढा वेळ बंद ठेवा आणि टाकीवर ओलं कापड टाका. फिल्टर चालू राहू द्या.

खात नसेल तर

औषधाच्या आधी पाणी तपासा. अमोनिया किंवा नायट्राइट दिसला तर ३० टक्के पाणी बदला. पाणी बरेच दिवस बदललेलं नसेल तर वरचा १० टक्क्यांचाच क्रम पाळा. मग लक्षणं पाहा:

- पांढरी, दोऱ्यासारखी विष्ठा, डोक्यावर खड्डे, खाणं बंद: हे आतड्यातल्या हेक्झामिटासारख्या परजीवीचं लक्षण असू शकतं. तापमान ३० अंशांवर न्या आणि पशुवैद्याला दाखवा. यावर मेट्रोनिडॅझोल वापरतात, पण मात्रा टाकीच्या लिटरवर आणि माशाच्या अवस्थेवर ठरते. अंदाजाने गोळ्या टाकू नका.
- अंगावर मिठाचे कण शिंपडल्यासारखे ठिपके: तापमान हळूहळू ३० अंशांपर्यंत वाढवा, हवा वाढवा. आयोडीन नसलेलं खडे मीठ लिटरला एक ग्रॅम या प्रमाणात, आधी पाण्यात विरघळवून, दिवसभरात थोडं थोडं घाला.
- पोट फुगलेलं, मासा तिरपा: दोन-तीन दिवस उपास. खवले उभे राहिले असतील तर थांबू नका, पशुवैद्याकडे जा.
- रंग काळपटलेला, कोपऱ्यात बसलेला: नवी जागा, सततची ये-जा किंवा रात्रभर दिवा हे कारण असू शकतं. दिवा टायमरवर ८ ते १० तासच ठेवा. तिसऱ्या पाळीला जाणाऱ्यांच्या घरात हे विशेष पाळा.

दुकानात सुटं मिळणारं पिवळं-निळं औषध आणि अँटिबायोटिक एकत्र टाकू नका. फिल्टरमधले जिवाणूही त्याने मरतात. मासे तपासणारा पशुवैद्य मासा धडधाकट असतानाच शोधून ठेवा.

गावाला जाताना, घर बदलताना

गणपतीला, दिवाळीला गावी जात असाल तर मोठा, निरोगी मासा पाच ते सात दिवस खाद्याशिवाय राहतो. निघण्याच्या आदल्या दिवशी पाणी बदला, फिल्टर तपासा. शेजाऱ्यांच्या हाती खाद्याची डबी मुळीच देऊ नका. प्रेमाने जास्त टाकलं जातं आणि पाणी नासतं. जास्त दिवस जाणार असाल तर एका वेळच्या पेलेट्सच्या पुड्या बांधून द्या आणि वीज आहे का एवढं पाहायला सांगा.

अकरा महिन्यांच्या करारावर राहणाऱ्यांनी घर बदलण्याचं वेळापत्रक असं ठेवावं:

1. हलवण्याआधी २४ ते ४८ तास खाद्य बंद.
2. टाकीतलं निम्मं पाणी स्वच्छ ड्रममध्ये बरोबर घ्या.
3. स्पंज आणि रिंगा ओल्या ठेवा. सुकल्या तर पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करावी लागते.
4. मासा जाड, दुहेरी पिशवीत: एक भाग पाणी, दोन भाग ऑक्सिजन.
5. नव्या घरात टाकी आधी लावा, सामान नंतर.

मोठी टाकी ठेवणार हे घरमालकाला आधीच सांगा. गळतीवरून पुढे वाद होत नाही.

ग्राहक म्हणून तुमचे हक्क

- बिल मागा. त्यावर माशाचा प्रकार, माप आणि तारीख लिहून घ्या. बिल नाकारणं ही ग्राहक संरक्षण कायदा, २०१९नुसार अनुचित व्यापारी प्रथा आहे.
- ‘विकलेला माल परत घेतला जाणार नाही’ या पाटीने हक्क संपत नाही. सदोष माल बिलात दिलेल्या मुदतीत, आणि मुदत लिहिलेली नसेल तर ३० दिवसांत, परत घ्यायला नकार देणं हीदेखील अनुचित प्रथाच. मात्र दोष मुळातला होता हे दाखवायला पुरावा लागतो. पिशवी उघडताना व्हिडिओ काढा, त्याच दिवशीच्या पाण्याच्या चाचणीचा फोटो ठेवा.
- तक्रार: आधी दुकानदाराला लेखी, मग राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५. त्यानंतर जिल्हा ग्राहक आयोग. ५ लाख रुपयांपर्यंतच्या व्यवहाराला तिथे शुल्क नाही.
- नोंदणी: फ्लॉवरहॉर्नला लागत नाही. पण आशियाई एरोवाना किंवा अरापायमा घ्यायचा विचार असेल तर थांबा. हे मासे आंतरराष्ट्रीय सायटिस कराराच्या यादीत आहेत. वन्यजीव कायद्यातली २०२२ची दुरुस्ती आणि २०२४चे नियम यांनुसार त्यांची नोंद ‘परिवेश’ पोर्टलवर करावी लागते. हस्तांतर आणि मृत्यूही कळवावा लागतो. विक्रेत्याकडून कागदपत्रं मिळत नसतील तर घेऊ नका.

मासा नकोसा झाला तर

बदली होते, घर लहान पडतं, कंटाळाही येतो. अशा वेळी मासा पवनेत, इंद्रायणीत किंवा विसर्जन घाटावर सोडणं हा पर्याय नाही. पवना दापोडीजवळ मुळेला मिळते, इंद्रायणी तुळापूरला भीमेला. दोन्हींचं पाणी शेवटी उजनीत जातं. तिथे आज चिलापी (तिलापिया) माशाने बस्तान बसवलं आहे, तोही बाहेरचाच, मूळचा आफ्रिकेतला. फ्लॉवरहॉर्न तितकाच आक्रमक आहे, आणि सिंगापूरच्या जलाशयांत असे सोडून दिलेले सिक्लिड स्थिरावलेही आहेत.

दुकानदार बहुधा मोठा मासा फुकटात घेतात. मासे पाळणाऱ्यांच्या गटात विचारलंत तर टाकीसकट घेणारा सापडतो. देताना तुमच्या पाण्याचा टीडीएस, पीएच, तापमान आणि चालू खाद्याचं नाव कागदावर लिहून द्या. नव्या घरातले पहिले दोन आठवडे सर्वांत धोक्याचे असतात आणि नव्या मालकाला तेव्हा हीच माहिती लागते.